सिंग स्ट्रीट (चित्रपट)

डब्लिनमधल्या शाळकरी पोरांच्या रॉक बँडवरचा आयरिश चित्रपट. लेखक-दिग्दर्शक जॉन कार्नी. जानेवारी २०१६ मध्ये सनडान्स महोत्सवात तो प्रथम दाखवला गेला आणि त्याच वर्षी १७ मार्चला, सेंट पॅट्रिकच्या सणादिवशी, आयर्लंडमध्ये प्रदर्शित झाला. विनोदी-संगीतमय गटातील सर्वोत्कृष्ट चित्रपटासाठी त्याला गोल्डन ग्लोबचे नामांकन मिळाले होते. कथेतली शाळा खरी आहे: डब्लिनच्या दक्षिण भागातली, ख्रिश्चन ब्रदर्स या धर्मसंघाची सिंज स्ट्रीट शाळा. कार्नी स्वतः तिथेच शिकले. शाळेच्या नावावर कोटी करून पोरे आपल्या बँडला ‘सिंग स्ट्रीट’ म्हणू लागतात; इंग्रजीत ‘सिंग’ म्हणजे गाणे.

कथा १९८५ ची. त्या काळात आयर्लंडमध्ये बेकारी १७ टक्क्यांच्या आसपास होती आणि तरुण पोरे बोटीत बसून लंडन गाठत होती. पंधरा वर्षांच्या कॉनरच्या (फर्डिया वॉल्श-पीलो) घरी पैशांची चणचण आहे, म्हणून त्याला जेझुइट या कॅथलिक धर्मसंघाच्या महागड्या शाळेतून काढून सिंज स्ट्रीटला घालतात. आई-वडिलांचे पटत नाही, पण कायद्याने काडीमोड घेता येत नाही. आयर्लंडच्या १९३७ च्या राज्यघटनेतच घटस्फोटाला मनाई होती. १९८६ च्या सार्वमतात ती कायम राहिली आणि १९९५ च्या सार्वमतात जेमतेम नऊ हजार मतांच्या फरकाने उठली. हे ठाऊक असले की जेवणाच्या टेबलावरची भांडणे आणि मुलांनी दार लावून मोठ्याने लावलेले संगीत, दोन्हींचा अर्थ लागतो.

नव्या शाळेत पहिला खटका उडतो तो बुटांवरून. नियम काळ्या बुटांचा, कॉनरचे बूट तपकिरी, आणि नवे घ्यायला घरात पैसे नाहीत. मुख्याध्यापक ब्रदर बॅक्स्टर त्याला मोज्यांवर फिरायला लावतात. पुढे तो तोंडाला रंग लावून येतो, तेव्हा जबरदस्तीने त्याचे डोके बेसिनात धरून रंग धुतात. शाळांमधल्या शारीरिक शिक्षेवर आयर्लंडमध्ये १९८२ पासून बंदी होती. कागदावरचा नियम वर्गापर्यंत पोचायला किती वेळ लागतो, हे या प्रसंगात अंगावर येते.

बँड उभा राहतो तो मात्र एका थापेतून. शाळेसमोरच्या पायऱ्यांवर उभ्या असणाऱ्या राफीनाला (ल्युसी बॉयंटन) कॉनर विचारून बसतो, आमच्या गाण्याच्या व्हिडिओत काम करशील का? बँड अजून जन्माला यायचाय. मग धावपळ सुरू. घरभर वाद्ये असलेला आणि सशांचा लळा असलेला एमन (मार्क मॅकेना) सापडतो. त्याच्यामागून कीबोर्डवर एन्गिग आणि जोडीला लॅरी व गॅरी येतात. डॅरेन स्वतःच व्यवस्थापक होतो. पहिली कॅसेट निघते ती ‘ड्युरान ड्युरान’ या इंग्लिश बँडच्या ‘रिओ’ गाण्याची नक्कल. ती ऐकून थोरला भाऊ ब्रेंडन (जॅक रेनर) कॅसेटचा चुराडा करतो. दुसऱ्याच्या गाण्यावर मुलगी पटवायची, हे त्याला सहनच होत नाही.

चित्रपटाचा खरा जीव आहे तो इथून पुढे. ब्रेंडन एकेक तबकडी भावाच्या हाती देतो. आज ड्युरान ड्युरान, उद्या जो जॅक्सन, मग ‘द क्युअर’. प्रत्येक वेळी पोरांचे केस, कपडे, डोळ्यांतले काजळ आणि गाण्याचा ढंग बदलतो. वरवर हे हास्यास्पद दिसते, पण शिकणे हे असेच चालते: आधी उसने, मग हळूहळू आपले. ‘द रिडल ऑफ द मॉडेल’ हे पहिले गाणे कच्चे आहे, गल्लीबोळात घरगुती कॅमेऱ्याने काढलेला त्याचा व्हिडिओ त्याहून कच्चा. ‘अप’पर्यंत येताना कॉनरच्या ओळीत स्वतःचे काहीतरी उतरू लागते. एमनच्या घरी दोघे बसून चाल जुळवतात, आणि बघता बघता तीच चाल अख्ख्या बँडच्या हाती जाते. गाणे घडताना दाखवणे पडद्यावर फार कमी जणांना जमते. कार्नींना जमले आहे. त्यांनी तरुणपणी ग्लेन हॅन्सर्डच्या ‘द फ्रेम्स’ या बँडमध्ये बास गिटार वाजवली होती, त्यामुळे तालमीच्या खोलीतली हवा त्यांना आतून ठाऊक आहे.

मूळ गाणी रचण्यात त्यांचे मुख्य साथीदार गॅरी क्लार्क. १९८७ चे ‘मेरीज प्रेयर’ हे गाजलेले गाणे करणाऱ्या ‘डॅनी विल्सन’ बँडचे ते गायक-गीतकार, म्हणजे त्या दशकाचा आवाज त्यांच्या बोटांत होता. ‘ड्राइव्ह इट लाइक यू स्टोल इट’ हे गाणे कळसाचे. व्हिडिओच्या चित्रीकरणाला राफीना येत नाही. रिकाम्या सभागृहात गाता गाता कॉनरला समोर १९५० च्या दशकातला अमेरिकी नृत्यसोहळा दिसू लागतो, आई-वडील हातात हात घालून नाचतात, भाऊ मोटरसायकलवरून येतो. गाणे संपते आणि सभागृह पुन्हा रिकामे. ‘हॅपी-सॅड’, म्हणजे दुःखातच आनंद शोधणे, ही राफीनाने कॉनरला सांगितलेली गोष्ट या चार मिनिटांत पुरेपूर उतरली आहे.

जॅक रेनरला ब्रेंडनच्या भूमिकेसाठी आयरिश चित्रपट अकादमीचा सहायक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला, आणि तो योग्यच होता. ब्रेंडन शिक्षण सोडून घरात बसलेला. एका रात्री तो फुटतो: या वेड्या घरात पहिली वाट मी तोडली, तू नुसता माझ्या मागून आलास. थोरल्यांनी खाल्लेल्या खस्तांवर धाकट्यांचे बरे होते, हे ज्याच्या घरात घडले आहे त्याला हा प्रसंग सहज विसरता येणार नाही. चित्रपटाच्या शेवटी ‘जगभरच्या भावांना’ अशी अर्पणपत्रिका आहे.

उणिवा आहेत. एमन सोडला तर बँडमधली बाकीची पोरे पुसटच राहतात. एन्गिगसारख्या कृष्णवर्णीय मुलाला त्या डब्लिनमध्ये काय सोसावे लागले असेल, याकडे कथा वळत नाही. शेवटावरही मतभेद आहेत. आजोबांच्या छोट्या बोटीतून कॉनर आणि राफीना आयरिश समुद्र ओलांडायला निघतात, हातात चित्रफीत आणि काही फोटो. काहींना हा भाबडेपणा वाटतो. पण लाटांनी चिंब झालेले ते दोघे आणि समोर आडवे येणारे प्रचंड जहाज पाहताना धोका लपवलेला नाही, हे ध्यानात घ्यायला हवे.

चित्रपटावरून एंडा वॉल्श यांनी संगीत नाटक लिहिले. ते डिसेंबर २०१९ मध्ये न्यूयॉर्क थिएटर वर्कशॉपमध्ये रंगमंचावर आले. २०२० च्या वसंतात ते ब्रॉडवेवर जायचे होते, पण कोविडमुळे नाट्यगृहेच बंद पडली. पुढे २०२२ मध्ये बॉस्टनच्या हंटिंग्टन संस्थेने त्याचे प्रयोग केले.