छळाला बळ बघ्यांचं

पीटर-पॉल हाइनेमान हे स्वीडनमधले डॉक्टर. त्यांचा दत्तक मुलगा कृष्णवर्णीय होता आणि बाकीची मुलं त्याला घोळक्याने छळायची. १९६९ साली हाइनेमान यांनी त्यावर लेख लिहिला आणि मुलांमधल्या छळाची त्या देशात जाहीर चर्चा सुरू झाली. ज्या विषयावर आज जगभर ढिगाने संशोधन होतं, त्याची एक सुरुवात अशी 'परक्या' दिसणाऱ्या पोरापासून झाली आहे. इथेही बोलायचं आहे ते मुख्यतः दुसऱ्या देशात जाऊन वाढणाऱ्या मुलांच्या छळाबद्दल. हाइनेमान यांचा रोख घोळक्यावर होता. एरवी साधीसुधी असलेली मुलं एकत्र जमली की अशी का वागतात, हा त्यांचा प्रश्न.

पुढे डॅन ओल्वेयस या मानसशास्त्रज्ञाने १९७०च्या दशकात याचा पद्धतशीर अभ्यास मांडला. छळ म्हणायचं कशाला, याचे त्याने दिलेले तीन निकष आजही वापरात आहेत: त्रास मुद्दाम दिलेला हवा, पुन्हा पुन्हा दिलेला हवा आणि दोन्ही बाजूंचं बळ असमान हवं. दुसऱ्या देशातून आलेल्या मुलाच्या बाबतीत हा तिसरा निकष शाळेच्या पहिल्याच दिवशी पुरा झालेला असतो. उलट उत्तर देण्याइतकी भाषा त्याच्या जिभेवर नसते. वरच्या वर्गात पाठीशी उभा राहील असा दादा नसतो. नाव हजेरीतच मोडतोड होऊन बाहेर पडतं आणि वर्ग खिदळतो.

ओल्वेयसमुळे विषयाला शिस्त आली हे खरंच. पण त्याने भर दिला तो छळणाऱ्या मुलाच्या स्वभावावर, आणि घोळका मागे पडला. माझ्या मते, तिथे काही वर्षं वाया गेली.

घोळका पुन्हा पुढे आणला तो दोन ठिकाणच्या संशोधकांनी. फिनलंडच्या क्रिस्टिना साल्मिवाल्ली यांनी १९९६ मध्ये वर्गातल्या भूमिका वेगळ्या करून दाखवल्या: छळणारा, त्याचा साथीदार, हसून टाळ्या पिटणारा, काठावर उभा राहणारा, मध्ये पडणारा. दुसरं काम कॅनडातलं. टोरंटोच्या शाळांमध्ये डेब्रा पेपलर आणि वेंडी क्रेग यांनी मुलांच्या अंगावर बिनतारी मायक्रोफोन लावले आणि मधल्या सुट्टीत दुरून कॅमेऱ्याने चित्रीकरण केलं. मोठी माणसं जवळपास नसताना काय चालतं, ते जसंच्या तसं हाती आलं. त्याचे आकडे २००१ साली प्रसिद्ध झाले. छळाच्या ८८ टक्के प्रसंगांत इतर मुलं हजर होती. मध्ये पडलं कुणीतरी, ते फक्त १९ टक्के प्रसंगांत. आणि जिथे कुणी मध्ये पडलं, तिथे निम्म्याहून जास्त वेळा, ५७ टक्के, छळ दहा सेकंदांच्या आत थांबला.

दहा सेकंद! 'तू लक्षच देऊ नकोस' हा आपला घरोघरीचा सल्ला या आकड्यांपुढे फार लंगडा वाटतो. लक्ष द्यायला हवं ते बघ्यांनी.

परिणाम किती लांब जातात, हे ब्रिटनमधल्या एका पाहणीतून दिसतं. १९५८ सालच्या एकाच आठवड्यात जन्मलेल्या मुलांचा मागोवा तिथे आजवर घेतला जातो आहे. त्यातल्या ७,७७१ जणांच्या आईवडिलांनी मूल सात आणि अकरा वर्षांचं असताना छळाबद्दल माहिती दिली होती. वारंवार छळ झालेल्यांमध्ये नैराश्य आणि चिंताविकाराचं प्रमाण वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षीही जास्त निघालं. ही पाहणी स्थलांतरितांपुरती नव्हती, सरसकट होती. अमेरिकेत नॉर्थ कॅरोलायनातल्या मुलांचं रक्त तपासलं गेलं, तेव्हा शरीरातली सूज दाखवणारं सी-रिॲक्टिव्ह प्रथिन छळ सोसलेल्यांमध्ये वयानुसार वाढतं त्याहून जास्त वाढलेलं आढळलं. छळणाऱ्यांमध्ये ते सगळ्यांत कमी वाढलं होतं. चीड आणणारा निष्कर्ष आहे, पण आहे तो असा.

स्थलांतरितांच्या घरात या सगळ्याला आणखी एक पदर असतो. आईवडिलांना तिथली भाषा कच्ची येते, म्हणून बँकेत, दवाखान्यात, शाळेत मूलच दुभाषा होतं. आता पालकसभेचा प्रसंग डोळ्यांपुढे आणा. बाई आईला सांगताहेत की मुलगा हल्ली गप्प असतो, आणि ते आईपर्यंत पोचवायचंय त्याच मुलाला. तो काय सांगणार? 'अभ्यास बरा आहे म्हणतात.' आईवडील आपल्यासाठी गाव सोडून आले, डबल ड्युटी करतात, त्यात आपली भर कशाला, असा त्याचा हिशेब. परदेशातल्या बऱ्याच मराठी घरांत इंग्रजीची अडचण नसते, पण 'त्यांना कशाला त्रास' हा हिशेब तिथेही ओळखीचा वाटेल.

वर्गाची बांधणीही महत्त्वाची. याना युव्होनेन आणि सँड्रा ग्रॅहम यांनी २००६ मध्ये लॉस एंजेलिसच्या सहावीच्या वर्गांत पाहिलं की वेगवेगळ्या वंशांची मुलं जिथे अधिक मिसळलेली होती, तिथल्या कृष्णवर्णीय आणि लॅटिनो, म्हणजे लॅटिन अमेरिकी वंशाच्या, मुलांना जास्त सुरक्षित आणि कमी एकटं वाटत होतं. सगळेच थोडेथोडे अल्पसंख्य असले की दादागिरी करायला कुणाकडे पुरेसं संख्याबळ उरत नाही.

उपायांपैकी मला सगळ्यांत ठोस वाटतो तो तुर्कस्तानातला. सीरियातल्या युद्धामुळे लाखो निर्वासित तिथे आले आणि प्राथमिक शाळांमध्ये अरबी बोलणारी मुलं तुर्की मुलांच्या शेजारी बसू लागली. शूले आलान आणि सहकाऱ्यांनी चिठ्ठ्या टाकाव्यात तशा यदृच्छेने शाळा निवडल्या आणि त्यांत दुसऱ्याच्या जागी उभं राहून विचार करायला शिकवणारा अभ्यासक्रम राबवला. २०२१ साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार त्या शाळांच्या आवारातली मारामारी कमी झाली, मुलांना वाळीत टाकणं कमी झालं आणि तुर्की-सीरियन मैत्री वाढली. असं का झालं, हे शोधताना संशोधकांनी पूर्वग्रह, उतावळेपणा, कणव असे बरेच धागे तपासले. सगळ्यांत पक्का ठरला तो 'त्याला काय वाटत असेल' हे समजून घ्यायचा मुलांनी केलेला प्रयत्न. हे धडे सीरियन मुलांना वेगळं बसवून दिलेले नव्हते. सगळ्या वर्गाला ते एकत्रच शिकवले गेले, रोजच्याच शिक्षकांकडून.