ॲडमिन अकाउंट वेगळं अन् 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर' वेगळं, गेम लाँचरवाल्यांनो हे एकदा नीट बघून घ्या

एप्रिल-मे मध्ये नागपुरात दुपारी पोट्ट्यांना बाहेर कोणी सोडत नाही, कूलरसमोर पीसी असला की ते तिथेच बसतात, आणि मग घराण्यातल्या ज्याला कोणाला कॉम्प्युटरचं थोडंफार कळते त्याला फोन सुरू होतात. भाऊ, स्टीम इन्स्टॉल करताना पप्पांचा पासवर्ड मागून राहिलं. दादा, एपिक अपडेटवर अडकून बसलं. (स्टीम, एपिक हे लाँचर, म्हणजे गेम उतरवून चालवायचे प्रोग्राम.) आणि ह्या सगळ्यावर दोनच उत्तरं सगळ्यांना पाठ आहेत. एक, "राइट क्लिक मार, रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर कर". त्यानं नाही झालं तर दुसरं, "त्याचं अकाउंटच ॲडमिन करून टाक ना बे, कटकट संपली".

लोकांना वाटते दोन्ही एकच, पहिलं छोटं औषध, दुसरं मोठं. पण ही दोन साफ वेगळी कामं आहेत, आणि रोज लाँचर उघडून गेम खेळायला ह्यातलं एकही लागत नाही. लागते ते फक्त इन्स्टॉल नाहीतर अपडेटच्या वेळी, आणि तेही सगळ्या लाँचरला नाही.

आधी अकाउंटचं बघू. एक्सपीच्या जमान्यात घरचा प्रत्येक जण ॲडमिन म्हणूनच लॉगिन व्हायचा आणि जे काही उघडेल ते पूर्ण हक्कानं चालायचं, त्यामुळे एक खराब पेनड्राइव्ह लावला की आख्खी विंडोज बसायची. २००७ च्या सुरुवातीला व्हिस्टा आलं आणि त्यासोबत यूएसी (यूजर अकाउंट कंट्रोल) आलं, तीच स्क्रीन काळवंडून 'येस-नो' विचारणारी खिडकी जिला तेव्हापासून आजपर्यंत सगळे शिव्या देऊन राहिले. त्या खिडकीमागे जे झालं ते मात्र कामाचं आहे. तुम्ही ॲडमिन अकाउंटनं लॉगिन केलं की विंडोज तुमच्या नावाचे दोन टोकन, म्हणजे हक्कांचे पास, बनवते, एक पूर्ण हक्कांचा आणि एक हक्क छाटलेला, आणि डेस्कटॉप, स्टार्ट मेनू, तुम्ही डबल क्लिक करून उघडलेलं सगळं त्या छाटलेल्यावर चालते. म्हणजे अकाउंट ॲडमिन असलं तरी तुम्ही उघडलेलं स्टीम साध्याच हक्कानं चालू असते. खिशात लायसन्स असलं म्हणून माणूस चोवीस तास गाडीवर नसतो, तसंच.

विश्वास बसत नसेल तर कमांड प्रॉम्प्ट उघडा, साधा, ॲडमिनवाला नाही, आणि त्यात हू-ॲम-आय हे इंग्रजीत जोडून लिहा, मग स्पेस, मग स्लॅश ग्रुप्स. एक लांबलचक यादी येईल. त्यात ॲडमिनिस्ट्रेटर्स ग्रुपची ओळ शोधा, तुमचं अकाउंट ॲडमिन असेल तर तिच्यासमोर 'ग्रुप यूज्ड फॉर डिनाय ओन्ली' असं लिहिलेलं दिसेल. म्हणजे ह्या ग्रुपमुळे तुम्हाला नकार मिळू शकतो, परवानगी काही मिळणार नाही. आणि खाली शेवटाकडे 'मीडियम मँडेटरी लेव्हल' दिसेल. आता तोच कमांड प्रॉम्प्ट राइट क्लिक करून रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटरनं उघडा आणि तीच कमांड मारा, डिनाय ओन्ली गायब आणि मीडियमच्या जागी 'हाय'. माणूस तोच, अकाउंट तेच, फक्त दुसरा टोकन वापरला गेला.

तर रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर म्हणजे हे, एका प्रोग्रामला एका वेळेपुरता पूर्ण हक्काचा टोकन देणं. ॲडमिन अकाउंटवर असाल तर त्यासाठी 'येस' पुरते. स्टँडर्ड अकाउंटवर असाल तर कोण्या ॲडमिनचा पासवर्ड लागते. आणि खरी गंमत इथेच आहे, कारण ह्या दोन वेळी जे होते ते एकसारखं नसते.

समजा पीसी पप्पांचा, ॲडमिन तेच, आणि पोट्ट्याला स्टँडर्ड अकाउंट काढून दिलं. पोट्ट्यानं लाँचरवर राइट क्लिक करून रन ॲज ॲडमिन केलं, पप्पांनी चहा पिता पिता पासवर्ड टाकून दिला, गेम सुरू झाला, सगळे खुश. पण आता तो लाँचर पोट्ट्याचा जास्त हक्कवाला लाँचर नाहीये, तो पप्पा म्हणून चालून राहिला, पप्पांच्या प्रोफाइलमध्ये. डॉक्युमेंट्स फोल्डर पप्पांचा, ॲपडेटा (प्रोग्राम आपली सेटिंग ठेवतात तो फोल्डर) पप्पांचा, रजिस्ट्रीतला, म्हणजे विंडोजच्या सेटिंगच्या नोंदवहीतला, युजरवाला भाग पप्पांचा. गेमनं सेव्ह फाइल डॉक्युमेंट्समध्ये टाकली की ती पप्पांच्या नावानं जाऊन बसली. दुसऱ्या दिवशी पप्पा ऑफिसला, पोट्टा आपला साधा डबल क्लिक करून गेम उघडते तर लाँचर पुन्हा लॉगिन मागते, सेटिंग सगळी कोरी, आणि कालची पूर्ण प्रोग्रेस गायब. मग रडारड, मग "व्हायरस आला वाटते", मग कोणीतरी गेम डिलीट करून परत शंभर जीबी डाउनलोड लावते. सेव्ह कुठे गेली नव्हती, सी ड्राइव्हमधल्या यूजर्समध्ये पप्पांच्या नावाच्या फोल्डरात पडून होती. क्लाउड सेव्ह असलेल्या गेममध्ये हा घोळ बरेचदा लपून जाते, नसलेल्यात लगेच दिसते.

ॲडमिन अकाउंटवाल्यांना हा त्रास नाही कारण त्यांचं प्रोफाइल बदलत नाही, पण त्यांनी लाँचरला कायमचंच रन ॲज ॲडमिन लावून ठेवलं असेल, म्हणजे प्रॉपर्टीजमध्ये कंपॅटिबिलिटी टॅबवर टिक मारून, तर त्यांचे त्रास वेगळे. लाँचरनं उघडलेला प्रत्येक गेम तेच पूर्ण हक्क घेऊन उघडते, उघडणाऱ्या प्रोग्रामचे हक्क उघडलेल्याला आपोआप मिळतात, कोणी विचारत नाही. ऑनलाइन गेम, त्यातले मॉड (गेम बदलणाऱ्या बाहेरच्या फाइली), कुठूनतरी उतरवलेले ट्रेनर (गेममध्ये चीट करून देणारे प्रोग्राम), सगळे पूर्ण हक्कावर, आणि त्यातल्या एकात जरी गडबड निघाली तरी तिला आख्खी विंडोज मोकळी. मला विचाराल तर हा धोका स्टीमपेक्षा त्या मॉडवाल्या फाइलींचा जास्त आहे, पण दार उघडलं तुम्हीच.

आणि धोका सोडा, रोजची कटकट बघा. विंडोज साध्या हक्काच्या प्रोग्रामला पूर्ण हक्काच्या खिडकीत डोकावू देत नाही. गेम ॲडमिन म्हणून चालू असेल आणि डिस्कॉर्ड, म्हणजे टीमशी बोलायचं ॲप, साधा, तर गेम समोर असताना डिस्कॉर्डचं पुश टू टॉकचं (दाबून बोलायचं) बटन ओळखलंच जात नाही, तुम्ही बोंबलून राहिले आणि टीमला काही ऐकू नाही. मग लोक उपाय म्हणून डिस्कॉर्डलाही ॲडमिन करतात, मग रेकॉर्डिंगवाल्याला, असं एकाच्या मागे एक पूर्ण घर ॲडमिन होत जाते. एक्सप्लोररमधून फाइल ओढून त्या खिडकीत टाकायला गेलं तर चालत नाही. नेटवर्कवरची ड्राइव्ह मॅप केली असेल तर ॲडमिनवाल्या लाँचरला ती बरेचदा दिसतच नाही. काही ठिकाणी, प्रोग्रामडेटासारख्या फोल्डरात, ॲडमिन म्हणून चालताना बनलेल्या फाइली नंतर साध्या हक्कानं बदलता येत नाहीत, आणि मग खरंच ॲडमिन केल्याशिवाय गेम चालेनासा होते. ज्याला आपण उपाय समजत होतो त्यानंच रोग आणला.

मग लाँचर ॲडमिन मागतात तरी कायले? इन्स्टॉलरला प्रोग्राम फाइल्समध्ये लिहायचं असते, आणि तिथे साध्या युजरला फक्त वाचायची आणि चालवायची परवानगी आहे, लिहायची नाही. शिवाय विंडोजमध्ये सर्व्हिस, म्हणजे मागे गुपचूप चालणारा प्रोग्राम, बसवायची असते. एकदा ते झालं की नंतर स्टीम दोन गोष्टींमुळे साध्या हक्कावर मजेत चालते. एक म्हणजे इन्स्टॉल होताना स्टीम आपल्या फोल्डरवर साध्या युजरलाही लिहायची परवानगी देऊन ठेवते, म्हणून अपडेट आणि गेमच्या फाइली विनापासवर्ड उतरतात. दुसरं म्हणजे स्टीम क्लायंट सर्व्हिस, जी कॉमन फाइल्समध्ये वेगळी बसते आणि सिस्टिमच्या, म्हणजे खुद्द विंडोजच्या, हक्कानं चालते. गेम पहिल्यांदा उघडताना डायरेक्टएक्स नाहीतर व्हिज्युअल सी प्लस प्लसचे, गेमला चालायला लागणारे, तुकडे बसवायचे असतात ना, ते काम ही सर्व्हिस करते.

ही सोय फुकटची नाही बरं का. ऑगस्ट २०१९ मध्ये व्हॅसिली क्राव्हेट्स नावाच्या सिक्युरिटी रिसर्चरनं दाखवून दिलं की ह्याच सर्व्हिसला रजिस्ट्रीतल्या लिंकनं फसवून साधा युजर सिस्टिमचे हक्क मिळवू शकते. स्टीमवाल्या व्हॅल्व्ह कंपनीनं आधी तो रिपोर्ट आपल्या कक्षेबाहेरचा म्हणून बाजूला सारला होता, मग गाजावाजा झाल्यावर पॅच आला. म्हणून लाँचर अपडेट ठेवणं हे काही नुसतं नव्या बटनांसाठी नसते.

सगळेच लाँचर असे नाहीत. डिस्कॉर्ड, रॉब्लॉक्स, इच (छोट्या गेमचं लाँचर) हे युजरच्या स्वतःच्या ॲपडेटामध्ये बसतात, त्यांना इन्स्टॉललाही पासवर्ड लागत नाही, स्टँडर्ड अकाउंटवाल्या पोट्ट्यानं आपलं आपण बसवून घ्यावं. एपिक, युबिसॉफ्ट कनेक्टसारखे स्वतःला अपडेट करताना मध्येमध्ये प्रॉम्प्ट देतात, तेव्हा पासवर्ड टाकायला हरकत नाही, फक्त अपडेट झाल्यावर लाँचर पूर्ण बंद करून साधा उघडायचा, नाहीतर तो त्याच पप्पांच्या प्रोफाइलमध्ये सुरू राहू शकते. ॲन्टीचीटवाले, म्हणजे चीटिंग पकडणारा प्रोग्राम सोबत आणणारे, गेम पहिल्या वेळी सर्व्हिस बसवतात, तेव्हाही एकदा पासवर्ड. व्हॅलोरंट गेमचं ॲन्टीचीट व्हॅनगार्ड तर ड्रायव्हर आहे, पीसी सुरू होतानाच चढते, त्याला बसवायला ॲडमिन लागणारच, त्यात पळवाट नाही.

पळवाटीवरून, 'रन ॲज इन्व्होकर' नावाची एक बॅच फाइलवाली ट्रिक फिरत असते, की ह्यानं विनापासवर्ड ॲडमिन होते. होत नाही. ती विंडोजला एवढंच सांगते की हा प्रोग्राम प्रॉम्प्ट मागत असला तरी विचारू नको, जसा आहे तसा चालव. प्रोग्राम उगाच ॲडमिन मागत असेल, आणि बरेच जुने गेम मागतात, तर ट्रिक मस्त चालते. खरंच प्रोग्राम फाइल्समध्ये लिहायचं असेल तर तिथे जाऊन आपटते. आणि मिहान नाहीतर आयटी पार्कातल्या कंपनीच्या लॅपटॉपवर, कॉलेजच्या लॅबमध्ये ही ट्रिक करून बघायच्या भानगडीत पडू नका, तिथे हक्क मुद्दाम काढलेले असतात, यूएसीच्या कटकटीपायी नाही.

एक तिसराही प्राणी ह्यात मिसळते, विंडोजमध्ये आधीपासून असलेलं 'ॲडमिनिस्ट्रेटर' नावाचं लपलेलं अकाउंट, जे व्हिस्टापासून मुळात बंदच असते. कमांडनं ते चालू करायचे व्हिडिओ भरपूर आहेत. त्यात दोन टोकनचा प्रकार नसते, सगळं पूर्ण हक्कावर, विचारणं नाही, म्हणजे परत एक्सपीचे दिवस. गेमसाठी ते चालू करायचं काही कारण नाही.

माझं मत विचाराल तर घरच्या पीसीवर पोट्ट्यांना स्टँडर्डच द्या, सवयीनं 'येस' दाबायची सोयच नको. लाँचर एकदा ॲडमिननं बसवून द्या, आणि गेमची लायब्ररी डी ड्राइव्हवर वेगळ्या फोल्डरात ठेवा. विंडोजनं फॉरमॅट केलेल्या दुसऱ्या ड्राइव्हवर साध्या युजरलाही सहसा लिहिता येते, त्यामुळे नव्वद टक्के रडगाणं तिथेच बंद. स्वतःचा एकट्याचा पीसी असेल तर ॲडमिन अकाउंट ठेवा, पण लाँचरच्या शॉर्टकटवरची ती टिक काढून टाका. प्रोग्राम फाइल्सच्या आख्ख्या फोल्डरला सगळ्यांसाठी फुल कंट्रोल द्यायचा सल्ला कोणी देत असेल तर ऐकू नका, द्यायचीच झाली तर त्या एका गेमच्या फोल्डरला मॉडिफाय द्या.

आणि सध्या काय चालून राहिलं ते बघायला टास्क मॅनेजर उघडा, डिटेल्स टॅब, वरच्या कॉलमच्या नावावर राइट क्लिक, सिलेक्ट कॉलम्स, त्यात 'एलेव्हेटेड'ला टिक मारा. स्टीमसमोर 'नो' दिसलं तर बरोबर आहे. 'येस' दिसलं तर लाँचर खाली ट्रेमधून एक्झिट करा, कंपॅटिबिलिटीतली टिक बघा, पुन्हा साधा उघडा, आणि मग गेम सुरू करून गेमच्या ओळीसमोरही तेच तपासा, काही गेमच्या स्वतःच्या फाइलवर ती टिक वेगळी मारलेली सापडते.