ग्रंथपाल म्हणजे पुस्तकांचा राखणदार? छे!

ग्रंथपालाचं काम काय, तर शिक्के मारायचे, दंड वसूल करायचा आणि ‘शांतता राखा’ची पाटी सांभाळायची, हा समज वर्षानुवर्षं फिरतोय. गणित शिकवणारे एस. आर. रंगनाथन १९२४ मध्ये मद्रास विद्यापीठाचे ग्रंथपाल झाले. त्यांनी १९३१ मध्ये ग्रंथालयशास्त्राची जी पाच सूत्रं मांडली, त्यांतलं पहिलंच या समजाच्या उलट आहे: पुस्तकं वापरण्यासाठी असतात. पुढची दोन तर थेट जुळवाजुळवीची. प्रत्येक वाचकाला त्याचं पुस्तक, प्रत्येक पुस्तकाला त्याचा वाचक. (स्थळं सुचवणाऱ्या मावशीचंच काम म्हणा ना!) म्हणून कपाटाला कुलूप नको, वाचकाला पुस्तक हाताळता आलं पाहिजे. रहस्यकथा परत करायला आलेल्या पोराला ‘आता काहीतरी चांगलं वाच’ न म्हणता तसलीच दुसरी काउंटरवर सरकवणारा ग्रंथपाल आपलं काम चोख करत असतो.