सोव्हिएत महिला बास्केटबॉल संघ

सोव्हिएत युनियनचा महिलांचा राष्ट्रीय बास्केटबॉल संघ. १९५० ते १९९१ या काळात त्याने युरोपीय अजिंक्यपद २१ वेळा, विश्व अजिंक्यपद ६ वेळा (१९५९, १९६४, १९६७, १९७१, १९७५, १९८३) आणि ऑलिंपिक सुवर्णपदक दोनदा (१९७६, १९८०) मिळवले. मराठी बोलण्यात सोव्हिएत युनियनला सरसकट ‘रशिया’ म्हणायची सवय आहे. या संघाच्या बाबतीत ती फसवी ठरते, कारण त्याची सर्वांत गाजलेली खेळाडू उल्याना सेम्योनोवा लाटव्हियाची, म्हणजे युनियनमधल्या वेगळ्या प्रजासत्ताकाची, होती.

१९५० साली बुडापेस्टला पहिले युरोपीय अजिंक्यपद मिळाले आणि पुढच्या तिन्ही स्पर्धाही संघाने जिंकल्या. १९५७ मध्ये रिओ द जानेरो येथील विश्व स्पर्धेत मात्र अमेरिकेने ५१–४८ असे हरवले. पुढच्याच वर्षी लॉड्झ येथे बल्गेरियाने युरोपचे विजेतेपद हिसकावले. १९५९ ची विश्व स्पर्धा मॉस्कोत झाली, पण तिला अमेरिका आलीच नव्हती. त्यामुळे ते पहिले विश्वविजेतेपद थोडे हात राखूनच मोजावे लागते. युरोपात मात्र १९६० पासून १९९१ पर्यंत ओळीने १७ विजेतेपदे झाली. तिथे शंकेला जागाच नाही.

लिदिया अलेक्सेयेवा यांनी १९५० च्या दशकातली युरोपीय विजेतेपदे खेळाडू म्हणून अनुभवली होती. १९६२ ते १९८४ त्या मुख्य प्रशिक्षक होत्या, आणि एवढ्या काळात अधिकृत स्पर्धांत त्यांचा संघ एकही सामना हरला नाही. संघाला खेळाडू पुरवणाऱ्या क्लबांत लाटव्हियाची राजधानी रिगा येथील ‘टीटीटी’ अग्रेसर होता. ही तीन अक्षरे शहराच्या ट्राम आणि ट्रॉलीबस चालवणाऱ्या संस्थेच्या नावातली. या क्लबने १९६० ते १९८२ दरम्यान क्लबांचा युरोपीय चषक १८ वेळा जिंकला.

उल्याना सेम्योनोवा ही टीटीटीचीच. उंची २ मीटर १० सेंटिमीटरहून अधिक. तिचा खेळ सांगायला सोपा आणि अडवायला जवळपास अशक्य होता. ती रिंगजवळ पाय रोवून उभी राही, सहकारी उंचावरून पास टाकी, ती हात न उतरवताच चेंडू झेलून तो बास्केटमध्ये सोडी. उडी मारायची गरज क्वचितच पडे. तिचे यश निव्वळ उंचीच्या खात्यावर टाकणे मात्र अन्यायाचे होईल. तो पास अचूक त्या जागी पोचवणाऱ्या चपळ गार्ड (चेंडू पुढे नेऊन चाल रचणाऱ्या खेळाडू) नसत्या, तर उंची नुसती उभी राहिली असती. राष्ट्रीय संघाकडून अधिकृत स्पर्धांत तिने पराभव पाहिला नाही. १९९३ मध्ये अमेरिकेतील नेस्मिथ बास्केटबॉल गौरवदालनात तिला स्थान मिळाले. अमेरिकेबाहेरची ती पहिली महिला. अलेक्सेयेवा यांना तो मान २०१२ मध्ये मिळाला.

ऑलिंपिकमध्ये पुरुषांचे बास्केटबॉल १९३६ पासून असले, तरी महिलांना १९७६ च्या मॉन्ट्रिऑल स्पर्धेची वाट पाहावी लागली. सहाच संघ, साखळी पद्धत, अंतिम सामना नाही. सोव्हिएत संघाने पाचही सामने जिंकले, त्यांत अमेरिकेला ११२–७७ असे लोळवले. १९८० मध्ये मॉस्कोत अमेरिकेचा बहिष्कार होता. अंतिम सामन्यात बल्गेरियाचा १०४–७३ असा पराभव झाला. या दोन्ही सुवर्णसंघांत तात्याना ओवेच्किना होत्या. आज त्यांची ओळख अनेकांना आइस हॉकीपटू अलेक्झांडर ओवेच्किनची आई म्हणूनच असते.

१९८३ च्या विश्व स्पर्धेची साओ पाउलो येथील अंतिम लढत सोव्हिएत संघाने अमेरिकेविरुद्ध ८४–८२ अशी जिंकली. अमेरिका किती जवळ आली होती, हे त्या दोन गुणांत दिसते. १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकवर सोव्हिएत युनियनने बहिष्कार टाकला. मग १९८६ मध्ये, खुद्द मॉस्कोत, विश्व स्पर्धेचा अंतिम सामना अमेरिकेने १०८–८८ असा जिंकला. १९८८ च्या सोल ऑलिंपिकमध्ये कांस्यपदकावर समाधान मानावे लागले.

१९९१ मध्ये इस्राएलमध्ये संघाने शेवटचे युरोपीय अजिंक्यपद मिळवले, आणि वर्ष संपण्याआधी देशच उरला नाही. १९९२ च्या बार्सिलोना ऑलिंपिकला पूर्वीच्या प्रजासत्ताकांचा ‘एकत्रित संघ’ गेला. लाटव्हिया आणि लिथुएनिया तोवर वेगळे झाले होते. प्रशिक्षक येव्गेनी गोमेल्स्की यांच्या या संघाने उपांत्य फेरीत अमेरिकेला ७९–७३, तर अंतिम फेरीत चीनला ७६–६६ असे हरवले. पदके देताना वर चढला तो ऑलिंपिकचा पाच वर्तुळांचा ध्वज, आणि वाजले तेही ऑलिंपिक गीतच.

पुढे पूर्वीच्या प्रजासत्ताकांपैकी युक्रेन १९९५ मध्ये आणि लिथुएनिया १९९७ मध्ये युरोपचे विजेते झाले. लिथुएनियाने ते विजेतेपद बुडापेस्टलाच मिळवले.