टोरोंटोतील ट्रामगाड्यांचा ताफा

कॅनडातील टोरोंटो शहरात रस्त्यावरच्या रुळांवरून धावणाऱ्या प्रवासी गाड्या. मराठीत आपण ट्राम म्हणतो, टोरोंटोकर 'स्ट्रीटकार' म्हणतात. ही सेवा १८६१ मध्ये घोड्यांच्या बळावर सुरू झाली आणि आजही चालू आहे. विसाव्या शतकाच्या मध्यास उत्तर अमेरिकेतील बहुतेक शहरांनी रूळ उखडून बस आणल्या, टोरोंटोने मात्र ट्राम सोडली नाही. या शहरात गाड्यांच्या चार-पाच पिढ्या आल्या आणि मोडीत गेल्या. प्रत्येक नव्या गाडीला जमिनीत रुतलेल्या जुन्या रुळांशी, त्यांच्या अरुंद वळणांशी आणि सांध्यांशी (जिथे एका मार्गातून दुसरा फुटतो) जुळवून घ्यावे लागले. ताफा बदलणे इथे नेहमीच महाग आणि वेळखाऊ ठरले, त्याचे कारण बहुतांशी यात आहे.

रुळांचे माप हेच पहिले उदाहरण. जगातील बहुसंख्य रेल्वेमार्गांवर दोन रुळांमधील अंतर १४३५ मिलिमीटर असते. टोरोंटोत ते १४९५ मिलिमीटर, म्हणजे ६० मिलिमीटर जास्त आहे. याचे मूळ १८६१ च्या करारात सापडते. त्या काळी रस्ते चिखलाचे असत. शहरातील नेहमीच्या घोडागाड्यांनाही रुळांवरून जाता यावे असे माप ठेवावे, अशी अट शहराने कंपनीला घातली. कोणाही नागरिकाने आपली गाडी, भरलेली असो वा रिकामी, रुळांवरून हाकावी आणि मागून ट्राम आली की बाजूला व्हावे, असा तो हक्क होता. घोडागाड्या केव्हाच गेल्या, माप राहिले. ते इतके घट्ट बसले की १९५४ मध्ये शहराची पहिली भुयारी रेल्वे सुरू झाली तेव्हा तिलाही हेच माप मिळाले. परिणामी कोणत्याही कारखान्यातली तयार ट्राम आणून टोरोंटोच्या रुळांवर ठेवता येत नाही.

पहिली सेवा सेंट लॉरेन्स बाजाराच्या भागातून यंग रस्त्याने यॉर्कव्हिलपर्यंत जाई. बर्फ पडला की कंपनी चाकांच्या गाड्या सोडून घसरगाड्या जुंपत असे. १८९२ मध्ये विजेची पहिली गाडी धावली आणि १८९४ मध्ये घोड्यांची शेवटची फेरी झाली. हा काळ १८९१ पासून तीस वर्षांचा ठेका असलेल्या टोरोंटो रेल्वे कंपनीचा. शहर चहूबाजूंनी वाढत होते, नवी उपनगरे हद्दीत येत होती, पण ठेका दिला तेव्हाच्या हद्दीबाहेर रूळ टाकायला कंपनी तयार नव्हती. प्रकरण कोर्टकचेऱ्यांत गेले आणि अखेर त्या भागांसाठी शहराला स्वतःच्या ट्राम चालवाव्या लागल्या. १ सप्टेंबर १९२१ रोजी ठेका संपताच सारी व्यवस्था 'टोरोंटो ट्रान्सपोर्टेशन कमिशन' या सार्वजनिक संस्थेकडे आली. ही संस्था टीटीसी या आद्याक्षरांनी ओळखली जाते.

टीटीसीने लगोलग पीटर विट पद्धतीच्या गाड्या मागवल्या. क्लीव्हलँड शहराच्या ट्रामचे आयुक्त पीटर विट यांची ही रचना साधी, पण फार विचारपूर्वक केलेली होती. पुढच्या दाराने चढायचे आणि मधल्या दाराने उतरायचे. कंडक्टर मधल्या दारापाशी बसे. त्याला भाडे देऊन लगेच मागे गेलात तर बरी जागा मिळे, भाडे उतरताना द्यायचे असेल तर पुढच्या भागातच थांबायचे. त्यामुळे थांब्यावर भाडे घेत गाडी खोळंबत नसे. मात्र या गाड्या जुन्यांपेक्षा रुंद होत्या. जाण्यायेण्याच्या रुळांमधली जागा इतकी कमी होती की दोन विट गाड्या समोरासमोर आल्या तर एकमेकींना घासल्या असत्या. म्हणून शहरभर रूळ उखडून अधिक अंतरावर पुन्हा टाकावे लागले. गाडीसाठी रूळ हलले असा या इतिहासातला हा मोठा प्रसंग. शेवटच्या विट गाड्या १९६३ मध्ये निवृत्त झाल्या.

१९३८ मध्ये पीसीसी गाड्या आल्या. अमेरिकेतील ट्राम कंपन्यांच्या अध्यक्षांच्या समितीने (पीसीसी ही तिचीच इंग्रजी आद्याक्षरे) मोटारींच्या स्पर्धेला तोंड देण्यासाठी ही गाडी घडवून घेतली होती. गोलसर बांधा, वेग पटकन घेण्याची ताकद आणि कमी आवाज ही तिची वैशिष्ट्ये. टीटीसीने ५४० गाड्या नव्या घेतल्या. पुढे सिनसिनाटी, क्लीव्हलँड, बर्मिंगहॅम आणि कॅन्सस सिटी या अमेरिकी शहरांनी ट्राम बंद करायला घेतल्या, तेव्हा त्यांच्या २०५ गाड्या टोरोंटोने जुन्या मालाच्या भावात उचलल्या. अर्थात त्यांच्या चाकांचे माप बदलून घ्यावे लागले. अशा ७४५ पीसीसी गाड्या या शहराने विकत घेतल्या. शेजारची शहरे जे टाकून देत होती त्यावर टोरोंटोने आपले एक पर्व उभे केले, हे मला या साऱ्या कथेतले सर्वांत शहाणपणाचे पाऊल वाटते.

तरीही १९६६ मध्ये ट्राम १९८० पर्यंत टप्प्याटप्प्याने बंद करण्याचे ठरले. भुयारी रेल्वे वाढेल, क्वीन रस्त्याखालीही एक मार्ग होईल, उरलेले काम बस करतील, असा हिशेब होता. क्वीनचा भुयारी मार्ग काही झाला नाही. १९७२ मध्ये 'स्ट्रीटकार्स फॉर टोरोंटो' ही नागरिकांची समिती उभी राहिली. पुढे शहरातील वाहतुकीचे अभ्यासक म्हणून नावाजलेले स्टीव्ह मन्रो तिच्यात होते. एका ट्रामइतके प्रवासी न्यायला किती बस लागतील आणि त्यांचा खर्च किती येईल, याचे आकडे समितीने मांडले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये टीटीसीने आपला निर्णय फिरवला. प्रवाशांनी हिशेब मांडून सेवा वाचवली, याची अशी उदाहरणे थोडी आहेत.

ट्राम राहणार म्हटल्यावर गाड्यांचा प्रश्न उभा राहिला, कारण पीसीसीचे उत्पादन उत्तर अमेरिकेत केव्हाच थांबले होते. तेव्हा ऑन्टारिओ प्रांताच्या सरकारी कंपनीने सीएलआरव्ही ('कॅनेडियन लाइट रेल व्हेइकल') ही नवी गाडी आखली. पहिल्या सहा गाड्या स्वित्झर्लंडमध्ये बनल्या, उरलेल्या १९० ऑन्टारिओतील थंडर बे इथे. ३० सप्टेंबर १९७९ रोजी त्या प्रवाशांच्या सेवेत आल्या. उपनगरांतील वेगवान मार्गांचाही विचार करून आखलेली ही गाडी शहरातल्या रस्त्यांसाठी जड होती. सुरुवातीला रुळांलगतच्या घरांना तिचे हादरे आणि आवाज जाणवत, म्हणून चाके बदलावी लागली. नंतर १९८० च्या दशकाअखेर गर्दीच्या मार्गांसाठी मधोमध वळणारा जोड असलेल्या ५२ लांब गाड्या आल्या. शेवटच्या पीसीसी १९९५ मध्ये नियमित सेवेतून गेल्या.

सीएलआरव्हीने चाळीस वर्षे काढली, पण दोन गोष्टी तिला जमल्या नाहीत. पहिली थंडी. दारे आणि ब्रेक दाबलेल्या हवेवर चालत. कडाक्याच्या गारठ्यात नळ्यांमधला ओलावा गोठला की गाडी जागची हलत नसे. उतारवयात हे दुखणे फार वाढले. दुसरी गोष्ट दारातल्या उंच पायऱ्या. टोरोंटोत ट्राम बहुतेक ठिकाणी रस्त्याच्या मधल्या मार्गिकेत थांबते. प्रवासी पदपथावरून उतरून डांबरी रस्त्यावर येतात, मागची मोटार दारापासून किमान दोन मीटर मागे उभी राहते (तसा प्रांताचा कायदाच आहे) आणि मग गाडीत चढायचे. चाकाच्या खुर्चीतल्या माणसाला त्या पायऱ्या म्हणजे बंद दारच होते. अपंगांना सर्व सेवा खुल्या करण्याचा ऑन्टारिओचा कायदा २००५ मध्ये झाला आणि सखल तळाची गाडी घेणे अटळ ठरले.

पण बाजारातल्या सखल तळाच्या गाड्या टोरोंटोत वळेनात. इथली काही वळणे जेमतेम ११ मीटर त्रिज्येची आहेत आणि काही चढ ८ टक्क्यांचे. त्यात सांधे जुन्या घडणीचे. एरवी सांध्यावर दोन्ही रुळांना हलती जीभ असते. टोरोंटोत ती फक्त आतल्या रुळाला आहे, बाहेरचे चाक स्थिर लोखंडावरून मागोमाग ओढले जाते. हलक्या, स्वतंत्र फिरणाऱ्या चाकांची गाडी अशा जागी रुळावरून उतरण्याची भीती असते. २००८ मध्ये निविदांचा पहिला फेरा फुकट गेला. २००९ मध्ये बॉम्बार्डियर कंपनीशी २०४ गाड्यांचा सुमारे ८५ कोटी कॅनेडियन डॉलरचा करार झाला. फ्लेक्सिटी या तिच्या गाडीचे टोरोंटोसाठी वेगळे रूप करावे लागले : पाच डबे जोडलेली, ३० मीटर लांब, ७० आसनांची, आणि खालच्या चाकांच्या तिन्ही संचांना मोटारी.

३१ ऑगस्ट २०१४ रोजी स्पाडायना मार्गावर अशा अवघ्या दोन गाड्या उतरल्या. पुढच्या गाड्या सतत उशिरा येत गेल्या. आलेल्यांपैकी ६७ गाड्यांच्या जोडकामात दोष निघाला आणि त्या दुरुस्तीला पाठवाव्या लागल्या. तोवर जुन्या सीएलआरव्ही डागडुजी करून चालवणे भाग होते. दरम्यान वरच्या तारांचेही काम चालले होते. जुन्या गाड्या छतावरच्या लांब दांड्याने वीज घेत, नव्यांना पेंटोग्राफ, म्हणजे तारेला खालून टेकणारी घडीची चौकट, हवा. तारेची जुळणी बदलेपर्यंत नव्या गाड्यांना दोन्ही साधने बाळगावी लागली.

२९ डिसेंबर २०१९ रोजी क्वीन मार्गावर सीएलआरव्हीचा शेवटचा दिवस झाला. पुढच्याच महिन्यात २०४ वी फ्लेक्सिटी आली. गर्दी वाढतच असल्याने आणखी ६० गाड्या थंडर बेच्या कारखान्यातून मागवण्यात आल्या आणि २०२३ पासून त्या रुळांवर येऊ लागल्या. तोवर तो कारखाना आल्स्टोम कंपनीचा झाला होता. टीटीसीने एक विट, दोन पीसीसी आणि काही सीएलआरव्ही जतन केल्या आहेत. त्याच रुळांवरून त्या खास प्रसंगी आजही फिरतात.