फ्लिंटस्टोन्समधल्या बेटीचा आवाज कुठून आला

नव्वदच्या दशकात ज्यांच्या घरी केबल होती आणि कार्टून नेटवर्क लागायचं त्यांना फ्लिंटस्टोन्स या अश्मयुगातल्या कुटुंबाच्या कार्टूनमधली बेटी रबल आठवत असेल. विल्माची शेजारीण, बार्नीची बायको, निळा ड्रेस आणि ते खुदुखुदू हसणं. आता तो आवाज कोणाचा होता हे तेव्हा आपण कशाला बघतोय, शेवटची नावं यायच्या आत चॅनल बदललेलं असायचं. तर ती होती बी बेनाडेरेट. नाव ऐकून मराठी माणसाला आधी पेरायचं बी आठवणार, मलाही तेच आठवलं, पण बाई जबरदस्त होती. फ्लिंटस्टोन्स १९६० साली अमेरिकेत सुरू झालं तेव्हा ती ५४ वर्षांची होती, आणि तोपर्यंत शेजारणीचा रोल करण्यात तिची इतकी वर्षं गेली होती की बेटी म्हणजे तिच्यासाठी हातचा मळ.

सुरुवातीपासून सांगतो. जन्म ४ एप्रिल १९०६, न्यूयॉर्क. वडील तुर्कस्तानातून आलेले सेफार्डी (म्हणजे मूळ स्पेन-पोर्तुगालकडचे) ज्यू, आई आयरिश वंशाची. लहानपणीच कुटुंब सॅन फ्रान्सिस्कोला गेलं, तिथे वडिलांचं तंबाखूचं दुकान होतं. पोरगी तिथेच नाटकात आणि मग लोकल रेडिओवर कामं करायला लागली, आणि १९३६ च्या सुमाराला हॉलिवूडला आली. सिनेमासाठी नाही हां, रेडिओसाठी. त्या काळात अमेरिकेतले मोठे विनोदी कार्यक्रम हळूहळू न्यूयॉर्कहून हॉलिवूडला सरकत होते कारण स्टार मंडळी तिथे राहत होती, आणि प्रत्येक स्टारच्या मागे लागायचे पाच-सहा पडेल ते काम करणारे आवाज. आज एका कार्यक्रमात मोलकरीण, उद्या दुसरीकडे उच्चभ्रू खाष्ट बाई, परवा आणखी कुठे तरी आई. मेकअप नाही, पाठांतर नाही, हातात कागद धरून माइकसमोर उभं राहायचं, पण सगळं लाइव्ह. आणि बरीच वर्षं तर तोच कार्यक्रम एकदा पूर्वेकडच्या श्रोत्यांसाठी आणि काही तासांनी पश्चिमेकडच्यांसाठी परत पहिल्यापासून करायचा, कारण रेकॉर्ड वाजवलेलं मोठ्या नेटवर्कना चालायचं नाही. म्हणजे जोक तोच, टायमिंग तेच, आणि लाफ्टर दोन्हीकडे आला पाहिजे. ही जी तालीम झाली ना तीच पुढे सगळीकडे कामाला आली.

तिथे तिने काय काय केलं ते बघा. जॅक बेनी या त्या काळच्या बड्या विनोदी कलाकाराच्या कार्यक्रमात गर्ट्रूड गियरशिफ्ट नावाची टेलिफोन ऑपरेटर. ही आणि तिची जोडीदारीण मेबल, दोघी स्विचबोर्डवर बसून कॉल जोडायचं सोडून बेनीची उणीदुणी काढत बसायच्या. मेबल करायची सॅरा बर्नर. फिबर मॅगी अँड मॉली या दुसऱ्या विनोदी कार्यक्रमात ती मिसेस कार्स्टेअर्स, म्हणजे गावातली नाक वर करून बोलणारी श्रीमंत बाई. ग्रेट गिल्डरस्लीव्ह या आणखी एका कार्यक्रमात शाळेची मुख्याध्यापिका. ऑर्सन वेल्सच्या रेडिओ नाटकांतही तिचा आवाज आहे. श्रोत्यांना हे सगळे आवाज घरच्यासारखे ओळखीचे पण नाव विचाराल तर शून्य.

आता माझा मुद्दा, जरा विषयांतर वाटेल पण नाहीये. ही शेजारीण विनोदात आली कुठून? मला वाटतं ती रेडिओची गरज होती. नाटकात किंवा सिनेमात नायिका एकटी असली तरी काहीतरी करताना दिसते, रेडिओवर ती एकटी असली की नुसती शांतता. तिच्या डोक्यात काय खुळ शिरलंय ते कोणाला तरी सांगायला पाहिजे, नवऱ्याला सांगून चालत नाही कारण त्याच्यापासूनच तर लपवायचंय, मग सांगणार कोणाला? शेजारणीला. आपल्याकडे वाटीभर साखर मागायला येते तशीच ती तिकडे पण मागच्या दाराने येते आणि श्रोत्यांच्या वतीने सगळं ऐकून घेते. शिवाय दोघी बायका बोलताना कोण कोण ते नुसत्या कानाला कळायला पाहिजे. तिने जिची शेजारीण केली त्या ग्रेसी अ‍ॅलनचा आवाज बारीक, टिपेचा, आणि बेनाडेरेटचा त्याहून खालचा, भरदार. एक शब्द ऐकला की समजायचं.

ग्रेसी अ‍ॅलन म्हणजे जॉर्ज बर्न्सची बायको, खऱ्या आयुष्यात पण आणि कार्यक्रमात पण. बर्न्स अँड अ‍ॅलन शोमध्ये ग्रेसीचं डोकं सरळ रेषेत कधी चालायचंच नाही, आणि तिची शेजारीण ब्लांश मॉर्टन ही बेनाडेरेट. वरवर बघितलं तर ब्लांशला काम काय, तर ऐकायचं, गोंधळायचं आणि मग ग्रेसीच्या प्लॅनमध्ये सामील व्हायचं. पण करून बघा! वेड्यासारखं बोलणाऱ्या माणसाचं बोलणं खरं मानून ऐकणं हे वेड्यासारखं बोलण्यापेक्षा अवघड आहे, कारण ब्लांशने एकदा जरी भुवई उंचावून ‘काय येडी आहे ही’ असा भाव दिला असता तर ग्रेसी खरोखर मूर्ख वाटली असती. ब्लांश तिच्यावर प्रेम करते म्हणून आपण पण करतो.

१९४८-४९ मध्ये सीबीएस या नेटवर्कने एनबीसी या दुसऱ्या नेटवर्कचे मोठमोठे विनोदी कलाकार पळवले, जॅक बेनी आणि बर्न्स-अ‍ॅलन दोघंही तिकडे गेले, आणि मग टीव्हीची वेळ आली. ऑक्टोबर १९५० ला बर्न्स अँड अ‍ॅलन टीव्हीवर आलं, सुरुवातीला लाइव्ह, एक आठवड्याआड. ब्लांश तीच राहिली पण तिचा नवरा हॅरी मात्र बदलत राहिला, आधी हॅल मार्च, मग जॉन ब्राऊन, मग फ्रेड क्लार्क, मग लॅरी कीटिंग. यातला जॉन ब्राऊन कम्युनिस्टविरोधी काळ्या यादीच्या (कम्युनिस्ट असल्याच्या संशयावरून काम न देण्याच्या) भानगडीत गेला, तो त्या काळातला एक वेगळाच काळा किस्सा आहे. पण क्लार्क जाऊन कीटिंग आला तो प्रसंग १९५३ चा, फार भारी. सीन चालू आहे, ब्लांश दाराशी उभी, हॅरी आत आला की त्याच्या डोक्यात काहीतरी घालायच्या तयारीत. एवढ्यात जॉर्ज बर्न्स मध्येच येतो, सीन थांबवतो, प्रेक्षकांना सांगतो की क्लार्क शो सोडून गेलाय, हा नवीन नट, मग कीटिंगची आणि तिची ओळख करून देतो, दोघं अगदी सभ्यपणे एकमेकांचं कौतुक करतात, आणि बर्न्स म्हणतो चला, चालू करा. की लगेच हिने नव्या नवऱ्याच्या डोक्यात हाणलं. तो एपिसोड मिळाला तर बघाच, अर्ध्या सेकंदात ती नटीची परत ब्लांश होते.

आता सगळ्यात मोठी हुकलेली गाडी. १९४८ पासून ल्युसिल बॉल या विनोदी नटीचा माय फेव्हरिट हजबंड हा रेडिओ कार्यक्रम होता, त्यात बेनाडेरेट आणि गेल गॉर्डन हे ओळखीचं वयस्क जोडपं करायचे. त्यावरूनच पुढे आय लव्ह ल्युसी हा टीव्ही शो उभा राहिला, १९५१ मध्ये. त्यातल्या एथेल आणि फ्रेड या शेजारी जोडप्यासाठी ल्युसिलच्या डोक्यात साहजिकच हे दोघं होते. पण बेनाडेरेट बर्न्स अँड अ‍ॅलनला बांधलेली आणि गॉर्डन त्याच्या दुसऱ्या कार्यक्रमाला. झालं, एथेल गेली व्हिव्हियन व्हान्सकडे, फ्रेड विल्यम फ्रॉलीकडे, आणि पुढचा इतिहास जगाला माहीत आहे. बेनाडेरेटने त्या शोच्या एका एपिसोडमध्ये पाहुणी म्हणून काम केलं, एक लाजाळू अविवाहित शेजारीण, बस्स. आणि कहर म्हणजे १९५४ च्या एमी या टीव्ही पुरस्कारांना सहाय्यक अभिनेत्रीसाठी बेनाडेरेटला ब्लांशसाठी नामांकन होतं, आणि पुरस्कार कोणाला मिळाला? व्हिव्हियन व्हान्सला, एथेलसाठी! पुढच्या वर्षी परत नामांकन, तेव्हा ऑड्री मेडोज ही दुसरी नटी घेऊन गेली. पण मला नाही वाटत की ती एथेल झाली असती तर जास्त चांगलं झालं असतं. व्हान्सची एथेल ल्युसीशी भांडते, टोमणे मारते, त्यात एक खार आहे, बेनाडेरेटची जात वेगळी, उबदार.

याच सगळ्या धावपळीत वॉर्नर ब्रदर्सच्या कार्टूनमध्ये १९४३ च्या आसपासपासून बायकांचे बहुतेक आवाज तिचेच. ट्वीटी पक्षी आणि सिल्व्हेस्टर बोक्याच्या मध्ये छत्री घेऊन येणारी आजी आठवते ना? ती सुरुवातीला हीच, नंतर १९५५ च्या सुमाराला जून फोरेने घेतली. पडद्यावर आवाजाचं नाव फक्त मेल ब्लँकचं, म्हणजे तिथल्या मुख्य आवाजवाल्याचं यायचं, त्याचा तसा करारच होता, हिचं नाही. आणि तोच मेल ब्लँक पुढे बार्नी रबल झाला, म्हणजे बार्नी-बेटी हे जोडपं बेनीच्या रेडिओपासून आणि वॉर्नरच्या स्टुडिओपासून एकमेकांचं टायमिंग ओळखून होतं. गंमत म्हणजे बेटीच्या पहिल्याच सीझनच्या वेळी ती दुसऱ्या एका मालिकेत घरकाम करणारी बाई करत होती, तिचं नाव विल्मा.

१९५८ ला ग्रेसी निवृत्त झाली आणि तो कार्यक्रम संपला. पण त्याच्या लेखकांपैकी एक, पॉल हेनिंग, हिला विसरला नाही. त्याने १९६२ ला बेव्हर्ली हिलबिलीज ही विनोदी मालिका काढली. हिला त्यातली ग्रॅनी, म्हणजे आजी, करायची होती पण हेनिंगला काटकुळी म्हातारी पाहिजे होती आणि ही पडली अंगाने भरलेली, मग ग्रॅनी आयरीन रायनला मिळाली आणि हिला पर्ल बोडीन, जेथ्रोची आई. (ट्वीटीची आजी चालली, ही नाही!) पर्ल लोकांना इतकी आवडली की पुढच्याच वर्षी हेनिंगने तिच्यासाठीच पेटीकोट जंक्शन लिहिलं. २४ सप्टेंबर १९६३. केट ब्रॅडली, आडबाजूच्या रेल्वे फाट्यावर छोटं हॉटेल चालवणारी विधवा, तीन तरण्या मुली आणि एक आळशी काका. वयाच्या ५७ व्या वर्षी कलाकारांच्या नावांत तिचं नाव पहिलं! पहिल्या सीझनला तो शो अमेरिकेत चौथ्या नंबरवर होता. त्यासाठी १९६४ ला तिने बेटी सोडली, म्हणून नंतरच्या एपिसोडमध्ये बेटीचा आवाज वेगळा लागतो, तुमच्या कानांची चूक नाही.

केट म्हणून तिने काही फार मोठे विनोद केले असं नाही. परत तेच, बाकीच्यांचे खुळचट उद्योग शांतपणे ऐकून घ्यायचे, फक्त आता स्वतःच्या स्वयंपाकघरात.

१९६७ च्या शेवटी फुप्फुसाच्या कॅन्सरचं ऑपरेशन झालं, काही एपिसोड ती नव्हती, मग परत आली. १३ ऑक्टोबर १९६८ ला गेली. दुसरा नवरा जीन ट्वॉम्बली, हा रेडिओतला साउंड इफेक्टवाला, म्हणजे दार वाजवणं, काचा फोडणं वगैरे करणारा. चार दिवसांनी हार्ट अटॅकने तोही गेला. तिचा शेवटचा एपिसोड त्याच महिन्यात, ती गेल्यावर लागला. त्यात तिचा चेहरा दिसत नाही, पाठमोरी आहे ती दुसरीच बाई, आवाज तेवढा तिचा.