फेलिसिटी केंडल

फेलिसिटी केंडल (जन्म : २५ सप्टेंबर १९४६). ब्रिटिश अभिनेत्री. बीबीसीवरच्या ‘द गुड लाइफ’ (१९७५–७८) या विनोदी मालिकेतल्या बार्बरा गुडच्या भूमिकेमुळे त्या ब्रिटनमध्ये घरोघरी पोहोचल्या. जन्म इंग्लंडमधल्या वॉरिकशर परगण्यातल्या ऑल्टनचा; पण बालपण गेले भारतात, आणि नाटकाचे सगळे शिक्षणही भारतातच, आईवडिलांच्या फिरत्या नाटक मंडळीत झाले. शशी कपूर यांच्या पत्नी जेनिफर केंडल या त्यांच्या थोरल्या बहीण. त्यामुळे आपल्याकडे फेलिसिटी यांची ओळख पुष्कळदा ‘शशी कपूरची मेहुणी’ एवढ्यावरच थांबते. ही ओळख खरी आहे, पण फार तोकडी आहे. अर्धशतकाहून अधिक काळ त्यांनी लंडनच्या रंगभूमीवर काम केले. टॉम स्टॉपर्डसारख्या नाटककाराने त्यांना नजरेसमोर ठेवून नाटके लिहिली.

आईवडिलांची मंडळी

वडील जेफ्री केंडल यांचे मूळ आडनाव ब्रॅग. उत्तर इंग्लंडमधल्या केंडल या जन्मगावाचे नाव त्यांनी रंगभूमीसाठी घेतले. पत्नी लॉरा लिडेल याही अभिनेत्री. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात सैनिकांचे मनोरंजन करणाऱ्या पथकाबरोबर हे दांपत्य भारतात आले आणि या देशाने त्यांना धरून ठेवले. पुढे त्यांनी स्वतःची ‘शेक्सपिअराना’ ही मंडळी काढली. पेट्या, पोशाख आणि पडदे घेऊन ही मंडळी आगगाडीने गावोगाव जाई. शाळा, कॉन्व्हेंट, लष्करी क्लब, संस्थानिकांचे राजवाडे, जिथे बोलावणे येईल तिथे प्रयोग होई. आज ‘मर्चंट ऑफ व्हेनिस’, उद्या ‘मॅकबेथ’, परवा बर्नार्ड शॉ. नटसंच लहान, म्हणून एकेकाला दोन-तीन भूमिका कराव्या लागत. उत्पल दत्त उमेदीच्या काळात याच मंडळीत तयार झाले. शशी कपूरही तिच्यात काम करीत होते. १९५८ मध्ये त्यांचे आणि जेनिफर यांचे लग्न झाले.

फेलिसिटी नऊ महिन्यांच्या असताना पहिल्यांदा रंगमंचावर आल्या. ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’मधल्या पळवून आणलेल्या मुलाच्या भूमिकेत त्यांना कडेवर घेऊन आणले होते. सात वर्षांच्या असताना कुटुंब पुन्हा भारतात आले. मंडळी जिथे मुक्काम करील तिथली शाळा, असे करत त्यांनी लोरेटोची एकूण सहा कॉन्व्हेंट पालथी घातली. मंडळीत त्या छोट्या कामांपासून सुरुवात करून तरुण नायिकांच्या भूमिकांपर्यंत पोहोचल्या. सतराव्या वर्षी कोलकात्यात त्यांना विषमज्वर झाला होता.

या शिक्षणाचा त्यांच्या अभिनयावर उमटलेला ठसा शेवटपर्यंत पुसला गेला नाही. ज्यांना शेक्सपिअरची इंग्रजी अर्धीमुर्धीच कळते अशा शाळकरी मुलांसमोर रोज उभे राहायचे, तर वाक्य स्पष्ट फेकावे लागते आणि समोरच्या नटाचे ऐकताना चेहराही बोलता ठेवावा लागतो. हशा कुठे येईल हे शाळेगणिक, गावागणिक बदलते, आणि त्यासाठी थांबायचे किती हे तिथल्या तिथे ठरवावे लागते. नाट्यशाळेत जे तालमीच्या खोलीत शिकवतात ते त्यांनी प्रेक्षकांकडून शिकून घेतले. केंडल यांच्या विनोदाबद्दल बोलताना ही बाब मध्यभागी ठेवायला हवी, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

‘शेक्सपिअर वाला’ (१९६५)

जेम्स आयव्हरी दिग्दर्शित आणि इस्माईल मर्चंट निर्मित हा कृष्णधवल चित्रपट केंडल कुटुंबाच्या अनुभवांवर बेतलेला आहे. स्वातंत्र्यानंतरच्या भारतात शेक्सपिअरला मागणी ओसरत चालली आहे आणि हिंदी सिनेमा पुढे सरकतो आहे, त्या काळातल्या बकिंगहॅम या इंग्रज नटकुटुंबाची ही कथा. बकिंगहॅम पतिपत्नी म्हणून खुद्द जेफ्री आणि लॉरा, त्यांची मुलगी लिझी म्हणून फेलिसिटी, आणि लिझी ज्याच्या प्रेमात पडते तो संजू म्हणून शशी कपूर. छायाचित्रण सुब्रत मित्र यांचे, संगीत सत्यजित राय यांचे. चित्रपटतारका मंजुलाच्या भूमिकेसाठी मधुर जाफरी यांना बर्लिन महोत्सवात अभिनेत्रीचे पारितोषिक मिळाले. लिझीच्या भूमिकेत फेलिसिटी यांनी दाखवलेला संयम आजही लक्षात राहतो. प्रेमभंगाचा आक्रोश नाही, डोळ्यांतल्या डोळ्यांत विझत जाणारी आशा तेवढी दिसते.

चित्रपट झाला आणि त्या इंग्लंडला गेल्या. जिथे जन्म झाला तो देश त्यांना परकाच होता. तिथल्या नाट्यक्षेत्रात ओळखीचे कोणी नव्हते, आणि भारतातल्या शेकडो प्रयोगांचा अनुभव तिथे कुणाच्या खिजगणतीत नव्हता. १९६६ मध्ये ख्यातनाम इंग्रज नट जॉन गिलगुड यांच्यासोबत एका दूरचित्रवाणी नाटकात काम मिळाले, १९६७ मध्ये सॅव्हॉय थिएटरमध्ये ‘मायनर मर्डर’ या नाटकातून लंडनच्या रंगभूमीवर पदार्पण झाले. खरे यश यायला मात्र आणखी सात वर्षे लागली.

ॲनी आणि बार्बरा

ॲलन एकबर्न यांच्या ‘द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स’ या नाट्यत्रयीने १९७४ मध्ये ते यश दिले. एकाच घरातला एकच शनिवार-रविवार, पण पहिले नाटक जेवणघरात, दुसरे बैठकीच्या खोलीत आणि तिसरे बागेत घडते. केंडल यांची ॲनी ही अंथरुणाला खिळलेल्या आईची सेवा करत घरात अडकलेली अविवाहित मुलगी. ढगळ स्वेटर, जीन्स, स्वतःकडे लक्ष द्यायला सवड नाही. मेव्हणा नॉर्मन तिला दोन दिवस बाहेर फिरायला न्यायचा बेत करतो आणि सगळे कुटुंब ढवळून निघते. टॉम कोर्टनी, मायकेल गॅम्बन आणि पेनेलोपी कीथ हे या संचातले सहकलाकार. कीथ आणि केंडल या जोडीला पुढच्याच वर्षी एका मालिकेने कुंपणाच्या दोन बाजूंना उभे केले.

‘द गुड लाइफ’ ही जॉन एस्मंड आणि बॉब लार्बी यांची मालिका. प्लास्टिकच्या कारखान्यात आराखडे काढणारा टॉम गुड (रिचर्ड ब्रायर्स) चाळिशी गाठतो आणि नोकरी सोडून स्वतःच्या घरामागच्या बागेत पिकवून, जनावरे पाळून जगायचे ठरवतो. जागा लंडनच्या उपनगरातली, सर्बिटनमधली. प्रत्यक्ष बाह्यचित्रण नॉर्थवुडमध्ये झाले. शेजारी जेरी (पॉल एडिंग्टन) आणि त्याची बायको मार्गो (पेनेलोपी कीथ). एकीकडे डुकरे, जेराल्डिन नावाची बकरी, लेनिन नावाचा कोंबडा आणि वाटाण्याच्या शेंगांची घरगुती दारू; दुसरीकडे मार्गोची संगीतमंडळी आणि तिची शिस्तशीर हिरवळ. ४ एप्रिल १९७५ रोजी मालिका सुरू झाली. चार पर्वे आणि दोन विशेष भाग मिळून ३० भाग झाले. १९७८ मधला शेवटचा भाग राणी एलिझाबेथ यांच्या उपस्थितीत ध्वनिचित्रमुद्रित करण्यात आला.

कागदावर बार्बराची भूमिका दुय्यम आहे. कल्पना टॉमची, तडफड टॉमची, फर्डे बोलणे टॉमचे. मार्गोला तर एकाहून एक टाळ्यांची वाक्ये मिळाली, आणि मालिकेसाठी बाफ्टा हे ब्रिटिश चित्रपट-दूरचित्रवाणीचे पारितोषिकही कीथ यांनाच मिळाले. ते रास्तच होते. पण नवऱ्याच्या निर्णयाची किंमत कोण मोजते, हा प्रश्न मालिकेत सतत उभा असतो आणि त्याचे उत्तर केंडल यांच्या चेहऱ्यावर असते. नव्या कपड्यांचा मोह, तळहातावरचे घट्टे, मार्गोच्या घरातल्या उबेकडे क्षणभर जाणारी नजर, हे सगळे त्या एखाद्या सेकंदात दाखवतात आणि पुन्हा फावडे उचलतात. स्टुडिओत प्रेक्षक समोर बसलेले असत, त्यामुळे हा सेकंद किती ताणायचा हे अचूक कळणे गरजेचे होते. टॉमच्या बोलण्यावर येणारा निम्मा हशा हा खरे तर ते बोलणे ऐकणाऱ्या बार्बराने मिळवलेला असतो.

१९७७ चा नाताळचा भाग यासाठी आवर्जून पाहावा. मागवलेले नाताळचे झाड ठरल्यापेक्षा सहा इंच आखूड निघते म्हणून मार्गो ते परत पाठवते, आणि त्यापायी सणाचे सगळेच सामान घरी यायचे राहते. मग जेरी-मार्गोचा नाताळ गुड दांपत्याच्या घरी होतो. तिथे टोप्या वर्तमानपत्राच्या कागदाच्या, आणि दोघांनी दोन टोकांना धरून ओढायच्या नाताळच्या ‘क्रॅकर’ नळकांड्यांत बार नाही, म्हणून ओढताना तोंडानेच ‘ढूम्’ म्हणायचे. मार्गोला टोपीदेखील ‘डेली टेलिग्राफ’चीच लागते. हसू मार्गोवर येते, पण त्या घरात थट्टेला डंख नाही हे बार्बराच्या यजमानपणातून ठसते. मार्गो हळूहळू विरघळत जाते ती याच उबेमुळे. शेवटच्या पर्वाच्या अखेरीस चोरटे गुड दांपत्याचे घर उद्ध्वस्त करून जातात आणि बार्बरा कोसळते, तेव्हा विनोदी मालिका बघत बसलेला प्रेक्षक गलबलून जातो. तीन वर्षे जी हसतमुखाने सगळे सोसत आली तिचे रडू खरे वाटावे, यासाठी तिचे आधीचे हसणेही खरेच असावे लागते.

या यशाची दुसरी बाजूही होती. किंचित घोगरा आवाज, लहानखुरी अंगकाठी आणि मोकळे हसू यांमुळे ब्रिटिश वृत्तपत्रांनी त्यांच्यावर ‘गोड शेजारीण’ असा शिक्का मारला. तो पुसायला त्यांनी लेखिका कार्ला लेन यांच्या दोन मालिका स्वीकारल्या. ‘सोलो’ (१९८१–८२) मधली जेमा प्रियकराने फसवल्यावर त्याला घराबाहेर काढून एकटी राहू लागते. ‘द मिस्ट्रेस’ (१९८५, १९८७) मधली मॅक्सीन फुलांचे दुकान चालवते आणि विवाहित पुरुषाशी संबंध ठेवते. दोन्हींत हसू कमी आणि बोच अधिक आहे. १९९४ मधली ‘हनी फॉर टी’ मात्र सपशेल फसली. २००३ पासून आयटीव्ही या ब्रिटिश खासगी वाहिनीवर आलेल्या ‘रोझमेरी अँड थाइम’मध्ये त्या आणि पॅम फेरिस बागकाम करता करता खुनांचा छडा लावत. ही मालिका समीक्षकांनी फारशी मनावर घेतली नाही, पण दोन मध्यमवयीन स्त्रिया प्रमुख भूमिकांत असणे तेव्हा दुर्मीळच होते.

रंगभूमी

दूरचित्रवाणीवरचे नाव जोरात असतानाच केंडल नॅशनल थिएटरमध्ये दाखल झाल्या. पीटर शॅफर यांच्या ‘अमाडेउस’च्या १९७९ मधल्या पहिल्या प्रयोगात त्या मोत्झार्टची पत्नी कॉन्स्टान्झ होत्या, त्याचा प्रतिस्पर्धी संगीतकार सालिएरी होते पॉल स्कोफिल्ड. पुढच्या वर्षी स्कोफिल्ड यांच्याच ऑथेल्लोसमोर त्या डेस्डेमोना झाल्या, आणि बीबीसीच्या शेक्सपिअर मालिकेतल्या ‘ट्वेल्फ्थ नाइट’मध्ये व्हायोला. ‘मच अ‍ॅडो अबाउट नथिंग’ आणि चेखॉव्हच्या ‘इव्हानॉव्ह’मधल्या कामासाठी त्यांना १९८९ चे, ‘इव्हिनिंग स्टँडर्ड’ या लंडनच्या वृत्तपत्राचे नाट्यपारितोषिक मिळाले. १९९५ मध्ये त्यांना ‘कमांडर ऑफ द ऑर्डर ऑफ द ब्रिटिश एम्पायर’ हा किताब देण्यात आला.

त्यांच्या रंगभूमीवरच्या कारकिर्दीतले सर्वांत भरीव पर्व स्टॉपर्ड यांच्या नाटकांचे. ‘ऑन द रॅझल’ (१९८१), ‘द रिअल थिंग’ (१९८२), ‘हॅपगुड’ (१९८८), ‘आर्केडिया’ (१९९३), अशी ही मालिका आहे. स्टॉपर्ड यांचे संवाद बुद्धीला झुलवणारे. नटाने नुसती चमक दाखवली तर माणूस हरवतो. ‘आर्केडिया’तली संशोधक हॅना जार्व्हिस भावनेला जपून चार हात लांब ठेवते, आणि फुशारकी मारणाऱ्या बर्नार्डला (बिल नाय) एका वाक्यात जमिनीवर आणते. विनोदाची वेळ साधण्याची ॲनी-बार्बराची तीच हातोटी इथे करड्या रंगात उतरली.

स्टॉपर्ड यांचेही बालपण काही काळ दार्जिलिंगमध्ये गेले होते. दोघांना जोडणारा हा धागा ‘इन द नेटिव्ह स्टेट’ या १९९१ च्या नभोनाट्यात आणि त्यावरून रचलेल्या ‘इंडियन इंक’ (१९९५) या नाटकात उघड होतो. १९३० मध्ये जुम्मापूर या काल्पनिक संस्थानात आलेली इंग्रज कवयित्री फ्लोरा क्रू आणि तिचे चित्र काढणारा निरद दास यांची ही गोष्ट. नभोनाट्यात फ्लोराच्या बहिणीला पेगी ॲशक्रॉफ्ट यांनी आवाज दिला. रंगमंचावर दासची भूमिका आर्ट मलिक यांनी केली. इंग्रजांनी हिंदुस्थानला काय दिले आणि काय नेले, हा वाद ही दोन माणसे चित्र रंगवता रंगवता, एकमेकांची थट्टा करत, एकमेकांना दुखावत घालतात. केंडल यांच्या फ्लोरात कळकट डाकबंगल्यातला उकाडा सोसायची सवय दिसते, ती अभिनयापलीकडची होती.

कुटुंब आणि पुढचा काळ

केंडल यांचे पहिले लग्न अभिनेता ड्रू हेन्ली यांच्याशी झाले. १९८३ मध्ये त्यांनी दिग्दर्शक मायकेल रडमन यांच्याशी विवाह केला आणि ज्यू धर्म स्वीकारला. घटस्फोटानंतर पुढे काही वर्षांनी दोघे पुन्हा एकत्र आले. रडमन २०२३ मध्ये वारले. जेनिफर यांचे निधन १९८४ मध्ये झाले होते. जेनिफर आणि शशी कपूर यांनी १९७८ मध्ये जुहूला उभारलेल्या पृथ्वी थिएटरमध्ये हिंदी, मराठी, गुजराती, इंग्रजी अशा सर्व भाषांतल्या नाटकांचे प्रयोग आजही होतात. केंडल कुटुंबाचे मुंबईशी असलेले नाते तिथे नांदते आहे. फेलिसिटी यांचे ‘व्हाइट कार्गो’ हे आत्मकथन १९९८ मध्ये, म्हणजे जेफ्री केंडल वारले त्याच वर्षी प्रसिद्ध झाले. वडिलांच्या अखेरच्या आजारपणात त्यांच्या उशाशी बसून आठवलेला भारत त्यात आहे. अभिनेत्रींची आत्मचरित्रे बहुधा नावलौकिक मिळाल्यावर रंगत जातात. इथे सर्वांत जिवंत पाने त्याआधीची, आगगाडीच्या डब्यांतली आणि धर्मशाळांतली आहेत. २०१२ मध्ये भारतातल्या शेक्सपिअरचा माग काढणारा माहितीपटही त्यांनी बीबीसीसाठी केला.

साठी जवळ आल्यावर आणि उलटल्यावरही त्या थांबल्या नाहीत. बेकेटच्या ‘हॅपी डेज’मध्ये (२००३) कमरेपर्यंत आणि मग गळ्यापर्यंत मातीत गाडलेली विनी, शॉची मिसेस वॉरन, नोएल कॉवर्डच्या ‘हे फीव्हर’मधली निवृत्त नटी ज्युडिथ ब्लिस या भूमिका त्यांनी केल्या. २०१० मध्ये ‘स्ट्रिक्टली कम डान्सिंग’ या नृत्यस्पर्धेतही त्या उतरल्या. मायकेल फ्रेन यांच्या ‘नॉइझेस ऑफ’ या प्रहसनाच्या चाळीस वर्षांनिमित्त झालेल्या निर्मितीत, ७६ व्या वर्षाच्या उंबरठ्यावर, त्यांनी डॉटी ऑटली साकारली : दौऱ्यावर निघालेल्या एका साधारण मंडळीतली वयस्क नटी, जिने पदरचे पैसे नाटकात घातले आहेत आणि जिला मासळीची बशी कधी उचलायची, टेलिफोन कधी ठेवायचा हे काही केल्या लक्षात राहत नाही. बाथमध्ये २०२२ च्या शरदात सुरू झालेला हा प्रयोग २०२३ च्या जानेवारीत लंडनच्या फीनिक्स थिएटरमध्ये आला.